एक ते पाच, दोन वगळून

प्रामुदितो सरांच्या कवितेचा हारसिनीला जितका तिटकारा होता तितका दुसऱ्या कशाचाच नव्हता, आणि तिटकाऱ्याच्या बाबतीत ती मुळीच कंजूष नव्हती. कविता जेमतेम दोन ओळींची: ‘एकदा वजा, एकदा अधिक; गुणून टाका, उत्तर ठीक.’ चाल लग्नाच्या मांडवात वाजणाऱ्या गाण्याची, गळ्यात गिटार, समोर पंचेचाळीस पोरं टाळ्या वाजवताहेत, अशा थाटात प्रामुदितो केवलमूल्याच्या असमानता शिकवत. दोन उभ्या रेघांच्या आत अपूर्णांक दिसला की छेदाला पलीकडच्या आकड्याने गुणायचं, ते अंशातून एकदा वजा करायचं, अंशात एकदा मिळवायचं, आणि दोन्हींचा गुणाकार मांडून मोकळं व्हायचं. का, ते विचारायचं नाही. विचारण्यात वेळ जातो, आणि परीक्षेत एका प्रश्नाला नव्वद सेकंद मिळतात.

त्या डोंगराळ जिल्ह्यात ही कविता बटाट्यावरच्या करप्यासारखी पसरली होती. शिकवणीवर्गांच्या भिंतींवर ती रंगवलेली होती. पोरं ती मोटरसायकलवर बसून म्हणत, मशिदीच्या अंगणात चपला शोधताना म्हणत. प्रामुदितो जिल्ह्यातल्या गणित शिक्षकांच्या मंडळाचे अठरा वर्षं अध्यक्ष, तेव्हा प्रश्नपत्रिका त्यांची, उत्तरसूची त्यांची आणि कविताही त्यांचीच. मंडळातल्या बाकी चाळीस जणांचं काम मान डोलावण्याचं. ते काम ते मन लावून करत.

हारसिनी त्या चाळिसांतलीच एक होती, पण ती स्वतःला त्यांत मोजत नसे. सव्वीस वर्षं ती जिल्ह्यात गणित शिकवत होती. इथे शाळेत बाईंना बू म्हणतात आणि सरांना पाक, म्हणजे आई आणि बाबा. तेवढ्यावरून कोणी कोणाचं आईबाप होत नाही, हे तिला पहिल्याच वर्षी कळलं होतं. तिची शाळा जिल्ह्यातल्या सहा सरकारी शाळांपैकी सहावी. तिथून कधी कोणी कुठे गेलं नव्हतं.

गुरुवारी मधल्या सुट्टीत लारासती शिक्षकांच्या खोलीच्या दाराशी येऊन उभी राहिली. अकरावीतली मुलगी, डोक्यावरच्या शाळेच्या रुमालाची कड कायम एका बाजूला सरकलेली. तिची आई बस थांब्यावर तेंपेची, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या वड्यांची, गरमागरम भजी विकायची आणि मुलगी त्या गाडीच्या मागे बसून गणितं सोडवायची. गेल्या आठवड्यात गणिताच्या प्रांतिक स्पर्धेसाठी जिल्ह्याची निवड परीक्षा झाली होती. तीस प्रश्न, आणि पूर्ण जिल्ह्यातून एकच जागा. ज्याला ती मिळेल तो तीन आठवडे प्रांताच्या राजधानीत, सेमारांगला, शिबिराला जाणार, आणि तिथलं प्रमाणपत्र असलं की विद्यापीठाची प्रवेशपरीक्षा न देता दार उघडतं. प्रामुदितोंच्या एक नंबर शाळेतल्या एका मुलाला तीसपैकी तीस मिळाले होते, लारासतीला एकोणतीस.

“बू, सतरावा,” ती म्हणाली.

“सतराव्याचं काय झालं?”

“उत्तरसूचीत पाच आहे. माझं चार.”

हारसिनीने कागद घेतला. दोन उभ्या रेघा, आत अपूर्णांक: वर क्ष अधिक एक, खाली क्ष वजा दोन. त्याची किंमत दोन किंवा दोनपेक्षा जास्त हवी, तर क्षच्या जागी किती पूर्णांक चालतील?

“एक चालतो,” लारासती बोटं मोजत म्हणाली. “तीन चालतो, चार चालतो, पाच चालतो. दोन कसा चालेल? दोन घातला की खाली शून्य. शून्याने भागायचं कसं?”

हारसिनीने एकदा पाहिलं, पुन्हा पाहिलं, आणि तिला आनंद झाला. खोटं कशाला सांगा, मुलीसाठी झाला त्याआधी स्वतःसाठी झाला. कवितेप्रमाणे गुणाकार मांडला की एक ते पाच असे सरसकट सगळे आकडे हाती लागतात. छेद कुठे शून्य होतो ते शेवटी बघून तो आकडा काढून टाकायचा असतो, आणि प्रामुदितोंची कविता त्याच्या आधीच संपते. अठरा वर्षं टाळ्या वाजवून घेतलेल्या माणसाने स्वतःच्याच कवितेत पाय अडकवून घेतला होता.

“म्हणजे मला तीस ना, बू?” लारासती म्हणाली. “आणि त्याला एकोणतीस. त्याचं पाच आहे, मी विचारलं त्याला.”

“तुला तीस. शनिवारी मंडळाची बैठक आहे, निकाल तिथेच कायम होणार. मी बोलते.”

“नक्की?”

“मी कधी खोटं बोललेय तुझ्याशी?”

“नाही,” मुलगी म्हणाली. मग तिने खरं ते सांगितलं. “पण बैठकीत तुम्ही बोलता का, ते मला माहीत नाही.”

हारसिनीला राग आला आणि तिने तो हसून गिळला. हे मात्र तिला छान जमायचं.

घरी तिची जीभ काय चालायची ते सारवोकोला विचारावं. सारवोको तिचा नवरा. अकरा वर्षांपूर्वी त्याला पक्षाघाताचा झटका आला, तेव्हापासून काठी घेऊन अंगणातल्या मिरचीच्या कुंड्या सांभाळत होता. संध्याकाळी जेवताना ती मंडळातल्या एकेकाला सोलून काढायची. अमक्याला अपूर्णांकांची बेरीज येत नाही, तमकी फळ्यावर पायथागोरस काढते तो शिडीसारखा दिसतो, प्रामुदितो तर गणितातला बँडवाला. सारवोको हसून हसून खोकायचा आणि शेवटी दरवेळी एकच विचारायचा, “हे त्यांना का नाही सांगत?”

त्याचं उत्तर दोघांनाही माहीत होतं. झटका आला तेव्हा हारसिनी चार तासांवरच्या, ढगांतल्या एका शाळेत होती. नवरा इकडे अंथरुणाला खिळलेला, ही तिकडे वर्गात त्रिकोण काढतेय. तेव्हा प्रामुदितोंनी शब्द टाकला आणि महिन्याच्या आत तिची बदली गावात झाली. त्या उपकाराबद्दल तिने त्यांना कधी क्षमा केली नाही. ज्याच्यावर मनसोक्त थुंकायचं त्याच्याच पाया पडायची वेळ यावी, याच्यासारखी चीड आणणारी गोष्ट नाही. त्या दिवसापासून बैठकीत प्रामुदितो बोलायला लागले की ती जमिनीकडे बघायची.

“उद्या बोलशील?” शुक्रवारी सारवोकोने विचारलं.

“बोलणार म्हणजे बोलणार. मुलीची जागा आहे.”

शनिवारी एक नंबर शाळेच्या सभागृहात चाळीस शिक्षक एकसारखे बातिकचे सदरे घालून जमले. प्रत्येकाच्या मांडीवर खाऊचा पुठ्ठ्याचा खोका: केळीच्या पानातला चिकट भात, एक तळलेली गुंडाळी, पाण्याचा प्लास्टिकचा पेला. आधी राष्ट्रगीत, मग प्रार्थना, मग शिक्षण खात्याच्या साहेबांचं भाषण. साहेबांनी एकोप्याचं महत्त्व सांगितलं, मग शिस्तीचं सांगितलं, मग पुन्हा एकोप्याचं, कारण मधे त्यांचा कागद उलटा झाला होता. गणिताची पाळी यायला दीड तास लागला. तोवर निम्मे लोक गुंडाळी खाऊन बोटं पुसत होते आणि उरलेले घरी न्यायला म्हणून खोका पुन्हा बंद करत होते.

फाटकावर एक नंबर शाळेने अभिनंदनाचा फलकही लावून टाकला होता, त्या मुलाच्या फोटोसकट. हारसिनीने येताना तो पाहिला होता आणि मनातल्या मनात हसली होती.

“निकाल कायम करण्याआधी कोणाला काही सुचवायचं आहे?” प्रामुदितोंनी विचारलं. उंच, नीट भांग पाडलेला, आवाज मधासारखा. असं विचारायची पद्धत असते. काही सुचवायची पद्धत नसते.

हारसिनी उठली.

“माफ करा, पाक. मी आपली अडाणी बाई. शिकण्याच्या हेतूनेच विचारते, वाईट वाटून घेऊ नका. ते सतराव्या प्रश्नात... म्हणजे माझंच चुकत असेल... दोनच्या बाबतीत थोडी अडचण तर येत नसेल ना?”

जिची जीभ घरी पातं होती तिच्या तोंडून हे बाहेर पडलं. ‘खाली शून्य येतं’ हे तीन शब्द पुरले असते. त्याऐवजी तिने माफीचं एवढं गाठोडं बांधलं की त्यात आक्षेप कुठे ठेवलाय ते तिचं तिलाही सापडेना.

“बू, दोन हा एक आणि पाचच्या मध्येच येतो,” शिकवणीवर्ग चालवणारा एक तरुण शिक्षक म्हणाला. “बोटांवर मोजा हवं तर.” चार-सहा जण हसले.

“शिवाय मुलांना आपणच पाच काढायला शिकवलंय,” मागच्या रांगेतल्या एक बाई म्हणाल्या. “आता चार म्हणायचं म्हणजे मुलांवर अन्याय नाही का?”

हारसिनीने खाली बसता बसता मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. या बाईंना अठ्ठावीस वर्षांच्या नोकरीबद्दल सरकारने पदक दिलं होतं.

“मी काही गणिताचा माणूस नाही,” साहेब म्हणाले, आणि ते कोणालाही नवीन नव्हतं. “पण चार आणि पाच तसे जवळजवळच आहेत. एकोप्याने घ्या.”

“मतदान नको, चर्चेने ठरवू,” प्रामुदितो म्हणाले. मंडळात मतदान कधीच होत नसे. सगळ्यांचं एकमत होईपर्यंत चर्चा करायची आणि चर्चा सुरू व्हायच्या आधी एकमत करून ठेवायचं, अशी रीत होती. ते फळ्यापाशी गेले. कवितेच्या दोन ओळी, दोन कंस, त्यांचा गुणाकार, खाली आडवी संख्यारेषा. एकपासून पाचपर्यंत त्यांनी जाड रेघ ओढली आणि पेनाच्या टोकाने आकडे मोजू लागले.

“एक,” ते म्हणाले. “दोन...”

पेन हवेत थांबलं. दोन-तीन सेकंद तसंच राहिलं. नाटकी माणूस, हारसिनीच्या मनात आलं. इथे आता गिटार हवी होती.

“...तीन, चार, पाच,” प्रामुदितो म्हणाले, पहिल्यापेक्षा हळू. “पाच. मान्य?”

“मान्य,” सभागृह म्हणालं.

प्रामुदितो वळले आणि त्यांनी थेट हारसिनीकडे पाहिलं. “सगळ्यांना मान्य?”

“मान्य.”

“बू हारसिनी, तुम्हाला? मान्य?”

तिच्या मांडीवर खोक्याखाली एक कागद होता. त्यावर शुक्रवारी सुवाच्य अक्षरात तिने पूर्ण उत्तर लिहिलं होतं, ‘दोन वगळून’ या शब्दांखाली दोनदा रेघ मारली होती. चाळीस माना तिच्याकडे वळल्या होत्या. साहेब घड्याळ बघत होते. बाहेर शिपाई फोटोसाठी खुर्च्या लावत होता. तिला बदलीच्या आदेशाचा तो पिवळट कागद आठवला, सारवोकोचं लुळं पडलेलं तोंड आठवलं.

“मान्य, पाक,” ती म्हणाली.

मग सगळ्यांनी पायऱ्यांवर उभं राहून मुठी उंचावून फोटो काढला. हारसिनी दुसऱ्या रांगेत आहे. तिचीही मूठ वर आहे.

स्कूटरपाशी ती हेल्मेटचा पट्टा लावत असताना मागून प्रामुदितो आले. एकटेच होते.

“बू हार.”

“बोला, पाक.”

“मी तीनदा विचारलं.”

तिला कळलं नाही.

“दोनवर माझा हात थांबला,” ते हलक्या आवाजात म्हणाले. “खाली शून्य. लिहिताना लक्षात आलं नव्हतं, मोजताना आलं. बाकी मंडळी खाऊत रमली होती. तुमच्या लक्षात आलं होतं, म्हणून तर तुम्ही उठलात. मला वाटलं, आता तरी तुम्ही स्पष्ट बोलाल.”

“मग तुम्हीच का नाही खोडलं?” सव्वीस वर्षांत पहिल्यांदाच मनातलं जसंच्या तसं तिच्या तोंडून बाहेर आलं, आणि तेही मोटारी लावायच्या जागेत, ऐकणारं कोणी नसताना.

“खोडतो कसा? समोर साहेब. उत्तरसूची माझी, मुलगा माझ्या शाळेचा, फाटकावर फलक. मी खोडलं असतं तर तोंड कुठे लपवलं असतं? दुसऱ्या कोणी सांगितलं असतं तर म्हटलं असतं, वा, छान लक्षात आणून दिलंत, धन्यवाद. सुटलो असतो. ते दुसरं कोणी म्हणून मी तुमच्याकडे बघत होतो.”

“अठरा वर्षं कोणाला तोंड उघडू दिलं नाहीत आणि आज माझ्याकडे बघत होता?”

“उघडू दिलं नाही?” प्रामुदितोंना खरंच आश्चर्य वाटलेलं दिसलं. “दर बैठकीत विचारतो मी. तुम्ही कधी काही बोलल्याचं मला आठवत नाही.”

“कशी बोलणार? तुमचे उपकार आहेत माझ्यावर. सारवोको आजारी पडले तेव्हा तुम्ही माझी बदली करून दिलीत.”

प्रामुदितोंनी कपाळाला आठ्या घातल्या. ते प्रामाणिकपणे आठवायचा प्रयत्न करत होते.

“कुठली बदली?” ते म्हणाले. “असेल, असेल. त्या वर्षी शिफारशीचे पुष्कळ कागद आले होते सहीला.” मग जाता जाता वळून म्हणाले, “आक्षेपाची मुदत सोमवारी दोनपर्यंत आहे. खात्याच्या कचेरीत. मी सांगितलं असं म्हणू नका.”

घरी गेल्यावर तिने सारवोकोला सगळी बैठक ऐकवली. साहेबांचा उलटा कागद, पदकवाल्या बाई, बोटांवर मोजायला सांगणारा तो दीडशहाणा, आणि स्वतःची चूक दुसऱ्याने दाखवावी म्हणून वाट बघत बसलेला भित्रा प्रामुदितो. अर्धा तास ती एकेकाची सालं काढत होती. सारवोको हसला, खोकला, डोळे पुसले.

“आणि तू काय म्हणालीस?” त्याने विचारलं.

“मिरच्यांना पाणी घातलंस का आज?” हारसिनी म्हणाली आणि उठून अंगणात गेली.

अकरा वर्षं तिने एक ओझं वाहिलं होतं आणि त्या ओझ्याकडे बोट दाखवून ती गप्प राहिली होती. ओझं ठेवणाऱ्याला तर ते ठेवल्याचंही आठवत नव्हतं. मग इतकी वर्षं तिचं तोंड कोणी धरलं होतं? हा प्रश्न तिने रविवारभर टाळला. कपडे धुतले, खिडक्या पुसल्या, वर्षभर न उघडलेलं कपाट आवरलं. संध्याकाळी मात्र बसून तिने आक्षेपाचा अर्ज लिहून काढला.

सोमवारी पहिल्या तासाआधी तिने लारासतीला व्हरांड्यात गाठलं. काय सांगायचं ते स्कूटरवर घोकत आली होती, त्यात परिस्थिती होती, रीत होती, साहेब होते. मुलीचा चेहरा पाहिल्यावर त्यातलं काही उरलं नाही.

“पाचच कायम झालं,” ती म्हणाली. “मी नीट बोलले नाही. आणि त्यांनी मान्य आहे का विचारलं तेव्हा मी मान्य म्हटलं.”

लारासतीने रुमालाची सरकलेली कड सरळ केली. रडली असती तर हारसिनीला काहीतरी करता आलं असतं.

“चार हे तुम्हाला माहीत असून?” तिने विचारलं.

“हो.”

“बरं,” मुलगी म्हणाली. “आता काही करता येतं का?”

दहा वाजता दोघी खात्याच्या कचेरीत होत्या. खिडकीमागच्या कारकुनाने नाकावर चष्मा चढवला, हारसिनीचा अर्ज वाचला, मग फाइलमधून बैठकीचं इतिवृत्त काढून त्यावर बोट फिरवलं.

“बू, इथे ‘एकमताने मान्य’ लिहिलंय. आणि तुमचं नाव घालून लिहिलंय, खास विचारलं होतं म्हणून.” त्याने कागद तिच्याकडे वळवला. “शनिवारी मान्य आणि सोमवारी अमान्य, असा अर्ज मी घेऊ कसा? साहेब मलाच झापतील.”

“मग कोणाचा घ्याल?”

“जो मान्य म्हणाला नाही त्याचा. पण जिल्ह्यातले यच्चयावत गणित शिक्षक मान्य म्हणालेत. राहिलं कोण?”

“मी नाही म्हणाले,” लारासती म्हणाली.

कारकुनाने चष्म्यावरून पाहिलं. “तू कोण?”

“माझाच तो प्रश्न आहे. माझं उत्तर चूक धरलंय.”

“विद्यार्थ्यांनी आक्षेप घ्यायचा नसतो, बाळ.”

“तसं नियमात लिहिलंय का, पाक?”

नियमात काय लिहिलंय ते खात्यात कोणी सहसा विचारत नसे. कारकुनाने खण उघडून पुस्तिका काढली, थुंकी लावून पानं उलटली. “संबंधित व्यक्ती,” त्याने मोठ्याने वाचलं, आणि त्याचा चेहरा जरा पडला.

“मी संबंधित आहे,” लारासती म्हणाली.

“असशील. पण चाळीस शिक्षक पाच म्हणतात आणि तू चार. मी काय समजायचं?”

“तुमच्याकडे गणकयंत्र आहे ना? दोन हा आकडा त्यांनी धरलाय. दोन अधिक एक किती?”

“तीन.”

“आणि दोन वजा दोन?”

“शून्य. एवढं येतं मला.”

“मग तीनला शून्याने भागून बघा.”

कारकुनाने बटणं दाबली. यंत्राने चूक झाल्याचं दाखवलं. त्याने ते झटकलं, पुन्हा दाबलं. यंत्राने पुन्हा तेच दाखवलं. तो त्या छोट्या काचेकडे बघत राहिला.

“हे तर याला पण कळतं,” तो म्हणाला.

तो नियमांखाली वाकलेला माणूस होता, पण हसू आल्यावर माणूस जरा सरळ होतो. त्याने कोरा अर्ज सरकवला. हारसिनीने पुढे होऊन पेन घेतलं, सवयीने. मुलांचे अर्ज तीच भरायची.

“द्या, बू, मी लिहिते,” लारासती म्हणाली. “तुम्ही बाहेर थांबलात तरी चालेल.”

हे ती उद्धटपणे म्हणाली नाही. हारसिनी बाहेर जाऊन बाकावर बसली. तिला लाज वाटत होती, आणि तिचं सगळं आयुष्य दुसऱ्यांसाठी लाज वाटण्यात गेल्यामुळे या लाजेचं काय करायचं ते तिला कळत नव्हतं. भिंतीवर साहेबांचा फोटो होता. त्याच्याबद्दल मनात काहीतरी तिखट आणायचा तिने प्रयत्न केला. आलं नाही.

बुधवारी मंडळाचं परिपत्रक निघालं. एका विद्यार्थिनीच्या सजगतेबद्दल अध्यक्ष पाक प्रामुदितो यांनी मनःपूर्वक समाधान व्यक्त केलं होतं. सतराव्या प्रश्नाचं उत्तर पाचाऐवजी चार असं वाचावं. मंडळाचा या दुरुस्तीला एकमताने पाठिंबा आहे. सुटले प्रामुदितो, हारसिनीने वाचून म्हटलं. एकमत घ्यायला कोणाला फोनसुद्धा आला नव्हता, आणि तरी ते खरंच होतं. त्या चाळिसांना सहाही चाललं असतं.

लारासती पहिली आली. शाळेत मुलांनी तिला खांद्यावर घेतलं, आईने बस थांब्यावर त्या दिवशी भजी फुकट वाटली. पुढच्या आठवड्यात सेमारांगच्या शिबिराचा फॉर्म आला. तो मुलीने भरायचा आणि वर्गशिक्षिकेने सही करायची. वर्गशिक्षिका हारसिनीच होती. मुख्याध्यापकांच्या खोलीत तिने तो हातात घेतला आणि वरून खाली वाचत गेली: नाव, जन्मतारीख, आजार असल्यास, आवडता विषय. शेवटून दुसरा रकाना होता, ‘सोबत कोणते शिक्षक यावेत असं वाटतं?’

तिथे त्या नीटनेटक्या अक्षरात, जे अक्षर तिनेच दोन वर्षं वळवलं होतं, लिहिलेलं होतं: ‘कोणीही चालेल.’

“मग तुम्हीच जा की, बू,” मुख्याध्यापक म्हणाले. “गणिताच्या तुम्हीच आहात.”

“जाते,” हारसिनी म्हणाली.

दुसऱ्या कोणाचं नाव असतं तर बरं झालं असतं, तिला वाटलं. रसायनाच्या बाईंचं, खेळाच्या सरांचं, कोणाचंही. त्यात निदान राग तरी असता. तिने तो रकाना पुन्हा एकदा वाचला, खाली सही केली, आणि तारीख घालायची राहिली म्हणून मुख्याध्यापकांनी फॉर्म परत तिच्यापुढे सरकवला.